मेल्यानंतरची एस.टी.

वाशीममध्ये माझा रेकॉर्डिंग स्टुडिओ होता असं सांगितलं की बाहेरगावची माणसं आधी हसतात आणि मग विचारतात, "तिथं कोण येतं गायला?" मी म्हणतो, कोण येत नाही ते विचारा. भीमगीतांच्या पार्ट्या आल्या, भजनी मंडळं आली, मानोऱ्याकडच्या तांड्यांवरच्या बाया होळीची गाणी घेऊन आल्या, गाद्या विकणाऱ्याचा भोंगा आला. एका ग्रामपंचायतीच्या निवडणुकीत दोन्ही पॅनेलची प्रचारगीतं मीच केली, एकाच दिवशी आणि एकाच बाईच्या आवाजात. बाई सकाळी एकाला विकासपुरुष म्हणाली, दुपारी जेवून आल्यावर दुसऱ्याला. दोघांनाही गाणं पसंत पडलं. निवडून तिसराच आला.

स्टुडिओ म्हणजे पुसद नाक्याजवळच्या गल्लीतल्या दोन खोल्या. एकीत मी आणि माझं कॉम्प्युटर, दुसरीत गाणारा. मध्ये काच. गाणाऱ्याच्या खोलीला आधी गोणपाट आणि जुन्या गाद्या ठोकलेल्या होत्या, पुढे फोम आला. आमच्या धंद्याचं मर्म एवढंच, की नको ते आवाज बाहेर ठेवायचे आणि हवा तो आत घ्यायचा. नको त्यांत पंखाही आला, कारण पंख्याची घरघर माइकला गाण्याइतकीच आवडते. त्यामुळे मे महिन्यात माझ्याकडून बाहेर पडणारा गायक विहिरीत पोहून आल्यासारखा दिसायचा. शेजारच्या बाईंचा कुकर हा माझा कायमचा वैरी. किती चांगल्या ताना त्या कुकरनं खाल्ल्या याला गणती नाही.

आता मोबाइलवरच सगळं होतं, म्हणून मी दुकान आवरलं. दिवाळी अंकाच्या संपादकांनी "आठवणी लिहा" म्हटलं तेव्हा वाटलं, कोणाकोणाचं लिहू? पण बसलो की दरवेळी एकच काम समोर येतं. तेच लिहितो.

त्याआधी एका महाराजांबद्दल सांगायला हवं. दहाव्याला वाचतात ती पोथी त्यांना मोबाइलवर टाकायची होती. मेल्यावर जीव कुठल्या वाटेनं जातो, ऊन किती, काटे किती, वैतरणी नदी कशी रक्ता-पुवानं भरलेली, हे सगळं ते खड्या आवाजात वाचायचे आणि मी कानाला हेडफोन लावून ऐकायचो. मी बौद्ध घरातला. आत्मा, पिंड, कावळा हे माझ्या आजोबांनी धर्मांतराच्या वेळी घराबाहेर ठेवलं ते परत आत आलं नाही. पण धंदा तो धंदा. मी काचेतून हात वर करायचो आणि म्हणायचो, "महाराज, वैतरणीत एक फटफटी घुसली. वैतरणी पुन्हा घेऊ." महाराज मनाचे मोकळे. चहा पिताना म्हणाले, "भास्करभाऊ, तुमच्यापायी जिवाले चार खेपा माराव्या लागल्या." असा परलोकाचा रस्ता मला तोंडपाठ झाला, तिथं जायचा इरादा नसताना.

म्हणून सुगत जेव्हा पहिल्यांदा आला आणि त्यानं विषय सांगितला, तेव्हा मला हसू आलं.

बारीक, उंच पोरगा. डोळे जरा पिवळसर. हातात गिटार, आणि गिटारला वाकळीची खोळ, म्हणजे आपल्याकडे जुन्या लुगड्यांची जी गोधडी शिवतात तिची. त्याच्या आईनं शिवलेली. सोबत दोघं. ऋतुजा ही धनजच्या शेतकरी घरातली मुलगी, वाशीमला एका खासगी शाळेत शिकवायची आणि मोबाइल पाहून पाहून गिटार शिकली होती. प्रवीण मानोऱ्याजवळच्या तांड्यावरचा. आईबाप दिवाळीनंतर ऊसतोडीला जात, हा वाशीममध्ये ऑटो चालवी. हात लग्नाच्या डफड्यावर तयार झालेला. ड्रमसेट जुना, अकोल्याहून स्वतःच्या ऑटोत घालून आणलेला. बँडचं नाव त्यांनी ठेवलं होतं ‘भारनियमन’.

"काका, आमाले आलबम करायचा हाय," सुगत म्हणाला. "रॉक."

"विषय काय?"

"मानूस मेल्यावर त्याचा आत्मा कुठंकुठं जाते ते. पयल्यापासून शेवटपर्यंत एकच गोष्ट."

मी विचारलं, "तू कोणाचा रे?"

"उत्तम कंडक्टरचा."

उत्तमभाऊंना आमच्या नगरात, म्हणजे आमच्या बौद्ध वस्तीत, सगळे ओळखत. एस.टी.त कंडक्टर, विहारातल्या प्रत्येक कार्यक्रमाला पुढे, बोलायला एकदम सरळ. मी म्हटलं, "उत्तमभाऊंचा मुलगा आणि आत्मा?"

"आत्मा नसते, मले माहीत हाय," तो म्हणाला. "पन गोष्ट तं असते ना?"

अशा अल्बमची वाचकांना सवय नसेल म्हणून सांगतो. त्यात सुटी गाणी नसतात. आपल्याकडे आख्यान लावतात तसा प्रकार. एकच कथा, गाण्यागाण्यानं पुढे सरकणारी. सुगतच्या कथेत एक माणूस मरतो. घरात रडारड चालू असते आणि तो बाजूला उभा राहून बघतो, की आपल्याला कोणी पाणीसुद्धा विचारत नाही. मग तो चालत फाट्यावर येतो. यमदूत वगैरे कोणी येत नाही. एक लाल गाडी येते, तो हात दाखवतो आणि गाडी थांबते. म्हणून अल्बमचं नाव ‘हात दाखवा’. गाडीत सगळे मेलेलेच. संत्र्यांचं टोपलं घेऊन बसलेली एक म्हातारी, दारू सुटली नाही म्हणून लाजणारा एक पाटील, परीक्षा राहून गेलेली एक पोरगी. प्रत्येकाला एकेक गाणं. आणि या सगळ्यांना सांभाळून नेणारा कंडक्टर. "पुढे सरका, पुढे जागा हाय."

"हा कंडक्टर..." मी म्हणालो.

"बाबाच हाय ना," तो हसला. "पन त्यायले सांगू नका. आधी होऊ द्या."

त्या पावसाळ्यात त्यांनी माझ्या खोलीत जो दणका केला तो गल्ली अजून विसरलेली नाही. पहिल्याच दिवशी कुकरवाल्या बाई दारात येऊन म्हणाल्या, "काहो, पत्र्यावर दगड फेकून राह्यले का कोनी?" मी म्हटलं, गाणं आहे. त्यांनी थोडा वेळ ऐकलं आणि "बरं," म्हणून गेल्या. कुकरच्या इतक्या वर्षांची फेड झाली असं मला वाटलं.

त्या महिन्यांत सुगतचा आजारही कळला. त्याला सिकलसेल होता. आपल्या विदर्भात हा आजार पुष्कळ घरांना ठाऊक आहे. रक्तातल्या गोल पेशी विळ्यासारख्या वाकतात, बारीक नसांत अडकतात, आणि अडकल्या की हाडं कोणी पिळतंय असं दुखतं. कधीकधी गाणं मध्येच थांबायचं. सुगत गादीवर आडवा व्हायचा, ओठ घट्ट मिटलेले, आणि प्रवीण त्याच्या पोटऱ्या दाबत बसायचा. ऋतुजा पाण्याची बाटली त्याच्या तोंडाला लावायची. दुखणं ओसरलं की तो उठून म्हणायचा, "हं, कुठलोक आलतो? पाटील उतरला का?"

एकदा दोघंच होतो तेव्हा मी विचारलं, "हाच विषय का घेतला बाबा?" तो तार पिळत होता. म्हणाला, "लहानपनापासून दवाखान्यात लोकं माह्याकडे कसे पाह्यतेत मले माहीत हाय, काका. जसं मी फाट्यावर उभाच हाव. मंग म्या म्हटलं, उभं हावच तं गाडी कशी हाय ते तरी लिहून ठेवावं."

आमच्याकडे आधी कच्चा आवाज घेतात. वाजवणाऱ्यांना गाणं कुठं चाललंय ते कळावं म्हणून गायक नुसतं गाऊन ठेवतो, बसल्या बसल्या, चुका झाल्या तरी चालतात. सगळी वाद्यं भरून झाली की मग खरा आवाज घ्यायचा आणि कच्चा पुसायचा. सुगतनं शेवटचं सोडून सगळ्या गाण्यांचे कच्चे आवाज दिले. शेवटचं गाणं लिहायचं होतं. गाडी कुठे पोचते तेच ठरत नव्हतं.

हिवाळा लागता लागता त्याला निमोनिया झाला. अकोल्याला नेलं. डॉक्टरांनी शर्थ केली. तो परत आला तो गाडीत आडवा.

मी अंत्यसंस्काराला गेलो होतो. भंतेजींनी त्रिशरण-पंचशील दिलं. उत्तमभाऊ ताठ उभे होते, हात जोडलेले, प्रत्येक शब्द मोठ्यानं म्हणत होते. त्यांच्या आवाजाला काही झालं नव्हतं. प्रवीण मात्र लांब, आपल्या ऑटोच्या मागे जाऊन बसला होता.

बरेच महिने कोणी आलं नाही. मग एका दुपारी ऋतुजा आणि प्रवीण दारात. ऋतुजा म्हणाली, "काका, अल्बम पुरा करायचा. त्याच्याच आवाजात." मी सांगितलं की खरा आवाज नाहीच, सगळा कच्चा आहे. ती म्हणाली, "जो हाय तो घ्या."

आम्ही कामाला लागलो. आणि अशी गोष्ट वाशीममध्ये लपत नसते. कोणी प्रवीणच्या ऑटोत गाणं ऐकलं, त्यानं दुसऱ्याला सांगितलं, आणि आमच्या नगरात बातमी पोचेपर्यंत तिचं रूप बदललं. उत्तम कंडक्टरच्या पोराचा आत्मा भटकून राह्यला, त्याच्यावर गाणं काढलं.

उत्तमभाऊ आले ते ऐन उन्हाचे. सोबत सुमनवहिनी. त्या बाहेर पायरीवरच बसल्या. आत ऋतुजा, प्रवीण आणि मी काम करत होतो. उत्तमभाऊ आत येऊन उभे राहिले. मी खुर्ची पुढे केली, ती त्यांनी पाहिली नाही.

"जयभीम, भास्करभाऊ. सुगतचं गानं तुमच्याकडं हाय म्हन्तेत."

"आहे."

"आत्मा हाय का त्याच्यात?"

ऋतुजा काहीतरी बोलणार होती. त्यांनी हातानंच तिला थांबवलं. मी म्हटलं, "आहे, भाऊ."

"माह्या बापानं पिंड सोडले. मी बापाचा पिंड पाडला नाई, सोयऱ्यायनं तोंड फिरवलं तरी नाई. माह्या पोराच्या मौतीत एक कावया शोधला नाई कोनी. अन् आता बाया येऊन माह्या बायकोले इचारतेत, सुगत कुठीसा अडकला म्हन्ते त्या गान्यात? तुमी आपल्यातले, भास्करभाऊ. दुसरा कोनी असता तं मी आलो नसतो. पुसून टाका ते."

त्यांचं म्हणणं खोटं नव्हतं. बावीस प्रतिज्ञा मीही घेतलेल्या. शेवटी मी धंद्याचं बोललो. "आवाज त्याचा होता, तो गेल्यावर तुमचा. तुम्ही म्हणाल तर तुमच्यासमोर पुसतो. फक्त एकदा ऐकून मग सांगा."

"मी नाई ऐकत."

फार घाईनं बोलले. ते वळून भिंतीवरच्या फोमकडे बघायला लागले.

तेवढ्यात पायरीवरून आवाज आला. "मले ऐकाचा हाय."

सुमनवहिनी चपला काढून आत आल्या. उत्तमभाऊ म्हणाले, "सुमन." त्या म्हणाल्या, "तुमी बसा बाहीर. मी ऐकतो." आपल्याकडे बाया बोलताना ‘मी ऐकतो’ म्हणतात तसंच. उत्तमभाऊ बाहेर पायरीवर गेले. मी वहिनींना खुर्चीवर बसवलं, हेडफोन कानांवर ठेवले. पदर आड येत होता तो ऋतुजानं मागे केला. मी पहिलं गाणं लावलं.

त्यांनी डोळे मिटले. थोड्या वेळानं कपाळाला आठी पडली. त्यांनी हेडफोन काढून माझ्याकडे पाहिलं.

"हा कोन हाय?"

"सुगत आहे, वहिनी."

"आवाज त्याचाच हाय. पन हा दम काहून घेऊन नाई राह्यला?"

मला आधी कळलंच नाही. मग कळलं आणि मान खाली गेली. आमच्या कामात गाण्याच्या दोन ओळींमधला श्वास कापतात. माइक श्वास मोठा करून दाखवतो, ऐकणाऱ्याला खुपतो, म्हणून एकेक शोधून काढून टाकायचा. चांगल्या सफाईचं ते लक्षणच. सुगत आजारी, बसून गायलेला, दर ओळीला ओढून ओढून दम घेतलेला. मी आठवडाभर बसून ते सगळे श्वास काढले होते आणि मनात खूश होतो, की कच्चा आवाज असूनही कसा स्वच्छ झाला.

"तो असा नव्हता गात," वहिनी म्हणाल्या. "मधात थांबायचा. दम घ्यायचा. मी इकडे भाकरी थापत असो, अन् तिकडे त्याचा दम ऐकून मले समजे, आज दुखते का नाई ते. हा तं दुसराच कोनी झाला."

मूळ फाइल आम्ही कधी टाकून देत नाही. मी ती काढली आणि पुन्हा लावली. पहिली ओळ यायच्या आधीच सुगतनं श्वास घेतला. वहिनींचा हात हेडफोनवर गेला आणि तिथंच दाबून राहिला. त्या रडल्या नाहीत. नुसत्या मान हलवत राहिल्या, कोणी ओळखीचं बोलत असलं की हलवतात तशी. त्यांनी एकामागून एक गाणी ऐकली. एका गाण्याला त्या एकदम हसल्या, हेडफोन गळ्यात आले आणि त्या दाराकडे बघून म्हणाल्या, "अवो, आतमंदी या. तुमी हाय त्याच्यात."

उत्तमभाऊ दारात आले. वहिनी म्हणाल्या, "या म्हन्तो ना."

मी हेडफोन काढून आवाज मोठ्या स्पीकरवर दिला. पुराचं गाणं होतं. पोथीतल्या वैतरणीच्या जागी सुगतनं साधा नाला घेतला होता. पुलावरून पाणी वाहतंय. मेलेल्यांची गाडी अलीकडे थांबलेली. लोक ओरडतात, घाला गाडी, आता मरायचं काय राहिलंय? कंडक्टर ऐकत नाही. खाली उतरून काठावर उभा राहतो, पाणी ओसरू लागेपर्यंत गाडी हलू देत नाही आणि आपल्या डब्यातली भाकर सगळ्यांना तोडून तोडून देतो. त्यात सुगत बापाच्या आवाजात ओरडला होता, "पुढे सरका हो, खिडकीपाशी गर्दी करू नका, नाला कुठी पयून नाई जात."

गाणं संपलं. उत्तमभाऊ स्पीकरकडेच बघत होते.

"हे झालतं," ते म्हणाले. "मानोऱ्याच्या रस्त्यावर. गाडी अडली होती पुरात. घरी येऊन म्या सांगतलं होतं. सुगत बारका होता तवा. झोपला होता असं वाटलं मले." मग प्रवीणकडे वळून म्हणाले, "मी असा नाकात बोलतो?"

प्रवीण घाबरत म्हणाला, "थोडंसं, काका."

वहिनी पुन्हा हसल्या. उत्तमभाऊ आता खुर्चीवर बसले. "मंग शेवटी गाडी कुठी जाते?"

तिथंच घोडं अडलं होतं. दोन्ही पोरांचं त्यावरून रोज भांडण. ऋतुजाची आजी धनजला अंगणात बसून दहाव्याच्या कावळ्याची वाट पाहणारी. तिच्या हाती ऋतुजा वाढली. ती म्हणाली, "काका, पोचलीच पाहिजे गाडी. उजेडात म्हना, शांत जागी म्हना. एवढं हिंडून तो मंधातच राह्यला तं माह्याच्यानं वाजवल्या जानार नाही." प्रवीण लगेच उसळला. "सुगत हे मानतच नव्हता. तुह्या मनाचं त्याच्या तोंडी काहून घालतं?" ती म्हणाली, "मंग काय दाखवू? गाडी बिघडली?" दोघांचे डोळे भरलेले.

उत्तमभाऊंनी दोघांचं ऐकलं. कोणाचीच बाजू घेतली नाही. उठताना मला एवढंच म्हणाले, "आताच पुसू नका."

काही दिवसांनी ते एकटे आले. इस्त्रीचा शर्ट, दाढी केलेली. नोकरीतून त्याच वर्षी मोकळे झाले होते. म्हणाले, "ते दोघं हाय का? बलावा. गाडी कुठी जाते हे मले नाई सांगता येत. मले मंजूर नाई ते. पन शेवटच्या थांब्यावर कंडक्टर काय करते, ते मी सांगू शकतो."

"काय करतो?"

"लोकं उतरतेत तं उतरतेत. मंग कंडक्टर मागच्या शीटापासून पुढे येते. कोनाचं सामान राह्यलं का पाह्यते. अन् कोनी झोपलं असन तं उठवते."

मी त्यांना काचेपलीकडच्या खोलीत उभं केलं, माइक तोंडासमोर लावला. त्यांनी हेडफोन नको म्हटलं. "गानं लावू नका. मले गान्यात बोलता येत नाई." बरं म्हटलं. दोनदा प्रयत्न केला, शब्द लाकडासारखे. मग तेच म्हणाले, "उभ्यानं नाई होत हे. चालत चालत होते." मी माइक फरशी पुसायच्या दांड्याला बांधला आणि त्यांच्या बाजूनं चालायला लागलो, ते जातील तसा. ऋतुजानं काचेपलीकडे बसून रेकॉर्डिंग सुरू केलं.

ते मागच्या भिंतीपासून निघाले. डावीकडे वाकून पाहिलं, उजवीकडे वाकून पाहिलं. आवाज आपोआप बदलला. मघाचा लाकडी माणूस गेला, कंडक्टर आला. "चला, आलं. उतरा, उतरा. माय, टोपलं राह्यलं तुमचं. घ्या. हं, पाटील, सांभायून." दोन पावलं पुढे. "पोरी, पेन पडला, पाह्य खाली."

पुढच्या भिंतीशी येऊन ते थांबले. खिडकीकडच्या शीटाकडे वाकावं तसे वाकले. माझा हात दुखत होता, दांडा हलू नये म्हणून मी श्वाससुद्धा घेत नव्हतो. मग अगदी हळू, खांद्याला हात लावून उठवावं तसे ते म्हणाले,

"बापू. ए बापू. उठ. आलं."

थांबले.

"घाई नको करू. पायरी उंच हाय."

पोटऱ्या दुखणाऱ्या पोराला बस चढता-उतरताना किती वेळा असं म्हटलं असेल, ते त्यांनाच माहीत. ते सरळ झाले, वळले, आणि मला म्हणाले, "झालं, भास्करभाऊ." काचेपलीकडे ऋतुजा टेबलावर डोकं ठेवून बसली होती. रेकॉर्डिंग बंद करायचं तिच्या लक्षातच नव्हतं.

शेवटचं गाणं मग झालं ते असं. गायचे शब्द नाहीत. उत्तमभाऊंचं ते चालणं आणि बोलणं, त्याखाली प्रवीणचा ड्रम, काड्यांऐवजी बोटांनी वाजवलेला, आणि सगळे उतरल्यावर ऋतुजाची गिटार, मोठी, चांगली कान फाटतील अशी. गाडी पोचली की नाही यावर पुन्हा कोणी भांडलं नाही. सुगतचे सगळे श्वास मी जागच्या जागी ठेवले. माझ्या सगळ्या कामात तांत्रिकदृष्ट्या सर्वांत मळकं रेकॉर्डिंग ते. ज्याला ऐकवतो त्याला आधी तेच ऐकवतो.

अल्बम त्यांनी इंटरनेटवर टाकला. फार गवगवा झाला नाही. पण वाशीमला एका हॉलमध्ये कार्यक्रम ठेवला तेव्हा खुर्च्या कमी पडल्या. विहारातली मंडळी होती, धनजहून ऋतुजाच्या घरचे ट्रॅक्टरमधून आले होते, तांड्यावरची पोरं मागे उभी. सुगतचा आवाज स्पीकरवरून आणि ही दोघं प्रत्यक्ष वाजवणार, असा बेत. उत्तमभाऊ आणि वहिनी पहिल्या रांगेत.

शेवटच्या गाण्याआधी प्रवीण घाम पुसत होता, तेव्हा आमच्यातलेच एक निवृत्त गुरुजी उठले. भला माणूस, पण मनात ठेवणारा नाही. "कार्यक्रम चांगला झाला," ते म्हणाले. "पण एक विचारतो. आत्मा असतो असं तुम्हाला म्हणायचं आहे काय? मग आपण सोडलं ते काय सोडलं?" मागून धनजकडच्या कोणीतरी आवाज दिला, "अन् असते तं मुक्ती काहून नाई दाखवली?"

ऋतुजानं माइककडे पाहिलं.

उत्तमभाऊ उठले. गुरुजींकडे वळले. आवाज चढवला नाही, तरी शेवटच्या शीटापर्यंत पोचावा असाच तो होता.

"आत्मा नाई, गुरुजी. काल बी नव्हता, आज बी नाई. हा माहा पोरगा हाय. बसा, एक गानं राह्यलं."

वहिनींनी त्यांची बाही ओढून त्यांना खाली बसवलं. गुरुजीही बसले. प्रवीणनं काड्या बाजूला ठेवल्या, बोटं झटकली, ऋतुजाकडे पाहिलं आणि तोंडानंच चार मोजले.